‘प’ म्हटलं की ज्योत हलायची

ठाण्यात चरईतल्या आमच्या जुन्या घरात देवापाशी दिवा लावून झाला की आई एक मेणबत्ती पेटवून स्वयंपाकघरात पाटावर ठेवायची. पाटासमोर दादा बसायचा. त्याला ऐकू येत नव्हतं. तो तेव्हा नऊ वर्षांचा, मी पाच. आई म्हणायची, “प.” ज्योत थरथरायची. मग दादा म्हणायचा. त्याची ज्योत थरथरली तर एक शेंगदाणा. दादाने फार लवकर शोधून काढलं की ‘फ’ म्हटलं तर ज्योत जास्त हलते, कधी कधी विझतेसुद्धा. म्हणून तो ‘प’च्या जागी ‘फ’च म्हणायचा, आणि आमच्या घरात कित्येक वर्षं पाण्याला ‘फाणी’ म्हणायचे.

‘ब’साठी ज्योत कामाची नाही. आई दादाचा हात स्वतःच्या गळ्यावर ठेवायची, आतली थरथर हाताला कळावी म्हणून. ‘म’साठी त्याचं बोट तिच्या नाकपुडीवर. एवढा खटाटोप कशाला, तर ही अक्षरं ओठांवरून ओळखू येत नाहीत. आरशासमोर उभं राहून आवाज न करता पापा, बाबा, मामा म्हणून बघा. ओठ सारखेच मिटतात, सारखेच उघडतात. मी शाळेत मराठी शिकवते. ओष्ठ्य वर्ण दर वर्षी फळ्यावर लिहिते आणि दर वर्षी मला तो पाट दिसतो. दारात मामा उभे आहेत की बाबा, हे दादाला चपलांवरून कळायचं.

दीड वर्षाचा असताना मेंदूज्वर झाला आणि त्याचं ऐकू येणं गेलं. आज तो एक्कावन्न वर्षांचा आहे. वागळे इस्टेटमधल्या एका छापखान्यात ऑफसेटवर मशीनमन आहे. मशीन चालू असताना मशीनच्या अंगावर तळहात टेकवतो आणि कुठला रोलर बिघडलाय ते सांगतो. कान शाबूत असलेल्यांना ते दोन दिवसांनी खडखड व्हायला लागल्यावर कळतं. त्याला कुणी मूकबधिर म्हटलं की मला राग येतो. दादा मुका नाही. दिवसभर बोलत असतो, हातांनी.

त्याच्याबद्दल लिहायचं बरीच वर्षं मनात होतं. निमित्त भलतीकडून आलं. माझी भाची मास मीडिया करते आहे. गणपतीच्या सुट्टीत मी सावरकरनगरला दादाकडे गेले होते, तेव्हा तिने मोबाइल टीव्हीला जोडला आणि म्हणाली, “आत्या, आज सगळ्यांनी हिला बघायचं.”

हिला म्हणजे ख्रिस्टीन सन किम. १९८० सालचा जन्म, कॅलिफोर्नियातली, आईवडील कोरियाहून तिथे गेलेले. जन्मापासून बहिरी, बहीणही बहिरी. आता बर्लिनला राहते. आणि ही बाई काम कशात करते, तर आवाजात. चित्रं काढते, व्हिडिओ करते, लोकांसमोर प्रयोग करते, आणि सगळ्याचा विषय आवाज, भाषा, एकाचं दुसऱ्याला पोचणं आणि न पोचणं. न्यूयॉर्कच्या म्युझियम ऑफ मॉडर्न आर्टने २०१३ साली ध्वनिकलेचं मोठं प्रदर्शन भरवलं, त्यात तिचं काम होतं. २०२५मध्ये त्याच शहरातल्या व्हिटनी म्युझियमने तिच्या एवढ्या वर्षांच्या कामाचं प्रदर्शन मांडलं.

भाचीने लावलेलं होतं ते टेड या व्याख्यानमालेतलं २०१५चं भाषण. दादा आणि वहिनी (वहिनीही बहिरी, डोंबिवलीची) सोफ्यावर पुढे सरकून बसले. दोन मिनिटांत वहिनी मागे टेकली. काही कळेना. खुणांची भाषा जगभर एकच असते असं मलाही कॉलेजला जाईपर्यंत वाटायचं. तसं नाही. अमेरिकेतली बोटांची इंग्रजी मुळाक्षरं एका हाताची, आपल्याकडची दोन हातांची. आपल्याकडे आई म्हणजे नाकाशी, चमकीच्या जागी बोट. बाबा म्हणजे मिशी. हे तिकडे कसं असणार? मग भाची टीव्हीच्या शेजारी उभी राहिली आणि इंग्रजी ऐकून आपल्या खुणांत सांगायला लागली.

दादाने थोडा वेळ बघितलं आणि विचारलं, “आवाज येतोय? कोणाचा?”

किम हात हलवत होती आणि दुसऱ्याच एका बाईंचा आवाज इंग्रजीत बोलत होता. भाचीने सांगितलं, दुभाषी आहे.

“ती बरोबर सांगते? हिला कसं कळणार?”

हे विचारताना दादाने माझ्याकडे बघितलं नाही. मीच खाली बघितलं. त्याचं कारण पुढे सांगते.

किम स्वतःच त्या भाषणात म्हणते की ती दुभाष्यांचे आवाज उसने घेते, आणि मग त्यांचा आवाज हाच तिचा आवाज होतो. लहानपणाबद्दल ती जे सांगते, ते ऐकताना मात्र दादा, वहिनी, भाची, तिघंही एकदम मान हलवायला लागले. आवाजाचे शिष्टाचार तिला शिकवले गेले: मोठ्याने ढेकर देऊ नको, दार आपटू नको, ताटावर चमचा घासू नको. स्वतःला जे कधीच ऐकू येणार नाही, त्याचे नियम पाळायचे. परक्या देशात राहून तिथले रीतिरिवाज मुकाट पाळावेत तसं. आमच्याकडे हेच होतं. पाय घासत चालू नको. ताट हळू ठेव, बाबा झोपलेत. वहिनी म्हणाली, सासरी आल्यावर पहिला महिना ती स्टीलच्या भांड्यांना घाबरायची. घरातल्या कुणाचं तोंड वाकडं झालं की तिला कळायचं, काहीतरी वाजलं.

मग ‘पी’ आला. पाश्चात्त्य संगीताच्या लिपीत पी म्हणजे हळू आवाज. दोन पी लिहिले तर आणखी हळू. किम कागदावर पीच्या रांगा काढते आणि म्हणते, हजारो पी लिहा, आवाज बारीक बारीक होत जाईल, पण पूर्ण शांततेपर्यंत तुम्ही पोचणार नाही. हे बघताना माझ्या अंगावर काटा आला. आमच्या माळ्यावर दादाच्या वह्या आहेत. दोनशे पानी, पानन् पान ‘प प प प’. त्या ‘प’मधून आवाज बाहेर यावा म्हणून आई झिजली. ही बाई तेच अक्षर घेऊन उलट्या दिशेने निघालेली.

आईला मी दोष देणार नाही. शाळेतून तसं सांगितलेलं होतं: खुणा केल्या तर मूल बोलणार नाही, घरीही करू देऊ नका. दादाच्या वर्गात हात मागे बांधून बसावं लागे आणि मधल्या सुट्टीत तीच मुलं मैदानाच्या कोपऱ्यात भराभरा हातांनी बोलून घेत. हा विचार त्या शाळेने काढलेला नव्हता. १८८० साली इटलीत मिलानला बहिऱ्यांच्या शिक्षकांची आंतरराष्ट्रीय परिषद भरली होती. खुणांपेक्षा तोंडी बोलणं श्रेष्ठ, असं तिथे ठरलं आणि जगभरच्या बऱ्याच शाळांतून खुणा हद्दपार झाल्या. त्या ठरावांबद्दल अशाच परिषदेने खेद व्यक्त केला तो २०१० साली, व्हँकुव्हरला. मधली एकशे तीस वर्षं. त्यातली काही आमच्या पाटावर गेली. आपल्याकडे दिल्लीच्या सरकारी संस्थेने भारतीय सांकेतिक भाषेचा शब्दकोश केलाय, २०२१पर्यंत त्यात दहा हजार शब्द झाले. वहिनी मोबाइलवर तो बघते आणि अधूनमधून म्हणते, ही खूण चुकली, आमच्याकडे अशी नाही करत. मुंबई-ठाण्याच्या बहिऱ्यांची बोलीच वेगळी, याचा तिला अभिमान आहे.

किमचं जे काम वहिनीला सर्वांत आवडलं ते ‘फेस ऑपेरा’. २०१३चं. बहिऱ्या कलाकारांचा एक गट गाणाऱ्यांसारखा उभा राहतो, पण हात वापरायचे नाहीत. नुसता चेहरा. भुवया, गाल, ओठ, डोळे. खुणांच्या भाषेतलं बरंचसं व्याकरण चेहऱ्यावर असतं. प्रश्न आहे की विधान, खूप की थोडं, हे भुवया सांगतात. ऐकणाऱ्यांना वाटतं हे लोक उगाच तोंडं करतात. वहिनीने तिथल्या तिथे हात मांडीखाली दाबून आम्हाला एक प्रसंग करून दाखवला: भाजीवाला, भाव, तिची शंका, त्याचा संताप, शेवटी फुकटची कोथिंबीर. एक बोटही हललं नाही. मला सगळं कळलं. गडकरी रंगायतनला मी एकदा दादाला नाटकाला नेलं होतं, पुढच्या रांगेत. मध्यंतरात तो म्हणाला होता, माणसं उभी राहून ओठ हलवतात आणि मागचे लोक हसतात. त्यानंतर कधी आला नाही. वहिनीचा तो भाजीवाला बघून मला त्या दिवसाची तिकिटं आठवली.

किमची कोनांची चित्रं मात्र आमच्याकडे फारशी चालली नाहीत. बहिऱ्या माणसाला येणारा राग तिने कोनांत मोजलाय, लघुकोन, काटकोन, विशालकोन असा. विमानातून उतरल्यावर बहिऱ्या माणसापुढे व्हीलचेअर आणून ठेवतात, तो राग त्यात आहे. दादा म्हणाला, मी विमानात बसलेलो नाही. विषय संपला.

खरा खेळ सुरू झाला तो ‘क्लोज रीडिंग्ज’नंतर. २०१५चं हे व्हिडिओचं काम. सिनेमाच्या तुकड्यांखाली बहिऱ्यांसाठी आवाजांच्या ओळी येतात ना, ‘संगीत वाजते’, ‘दार बंद होते’ अशा, त्या नेहमी ऐकणाऱ्याने लिहिलेल्या असतात. किमने चार बहिऱ्या मित्रांना सांगितलं, त्या ओळी तुम्ही लिहा. आवाज कसा असेल असं तुम्हाला वाटतं ते लिहा. चौघांच्या ओळी चार पडद्यांवर. पुढे २०२१मध्ये मँचेस्टरला तिने शहरातल्या इमारतींवरच अशा मोठाल्या ओळी लिहिल्या. भाची म्हणाली, आपण आपल्या घराला लिहू. तिने पिवळ्या चिकटचिठ्ठ्यांचा गठ्ठा दादाच्या हातात दिला.

इथे मला एक कबुली द्यायची आहे. दादाच्या मराठीत विभक्तीचे प्रत्यय गळतात. ‘मी बाजार जातो.’ खुणांत ‘-त’, ‘-ला’ असे प्रत्यय जोडायचे नसतात, जागा हाताने दाखवली की काम होतं. त्याचं मराठी त्याच्या पहिल्या भाषेच्या अंगाने येतं, जसं कुणाचं कोकणीच्या अंगाने, कुणाचं कानडीच्या. हे मला आता कळतं. पण मी वर्षानुवर्षं त्याचे मेसेज दुरुस्त करून परत पाठवत आले. ‘बाजारात.’ ‘आईला.’ मला वाटायचं मदत करतेय. हळूहळू तो मला नुसते अंगठे पाठवायला लागला आणि मी कधी विचारलंही नाही की हा लिहीत का नाही.

त्या दिवशी त्याने तासभर लिहिलं. मी काही चिठ्ठ्यांचे फोटो काढले, जशाच्या तशा देते.

कुकरवर: ‘वाफ वर. आई बोट मोजते. तीन. आई उठते.’

दाराच्या बेलवर: ‘सगळे मान एक वेळ वळते.’

खिडकीच्या पत्र्यावर: ‘पाऊस. हात ठेव. मुंग्या पळते.’

कॅलेंडरवर, दहीहंडीच्या तारखेपाशी: ‘टेंभी नाका. छाती आत कोणी दार वाजवते.’

आणि एक चिठ्ठी त्याने कुठेच चिकटवली नाही, भाचीच्या हातात दिली. ‘ठाणे स्टेशन. लोक वर बघते. लोक पूल पळते. मी पण पळतो. कारण नंतर.’

फलाट बदलल्याची घोषणा. आपण ती ऐकून चिडतो, धावतो. पस्तीस वर्षं हा माणूस कारण माहीत नसताना धावतोय. आणि त्याच ठाणे स्टेशनवर मी दुसरंही बघितलंय. संध्याकाळी त्याचे मित्र जमतात, पुलाखाली, ट्यूबलाइटच्या उजेडात, कारण बोलायला उजेड लागतो. एक मित्र समोरच्या फलाटावर असला तरी अडत नाही. मधून रूळ, गर्दी, वर भोंगा कोकलतोय, आपल्याला शेजारच्याचं ऐकू येत नाही आणि हे दोघं रुळांपलीकडे घरातल्या गोष्टी सांगतायत. मध्ये गाडी आली की वाक्य थांबतं. गाडी गेली की तिथूनच पुढे. स्टेशनवर एवढं निवांत बोलताना मी दुसऱ्या कुणाला बघितलेलं नाही.

भाचीने शेवटी विचारलं, “बाबा, आत्याच्या आवाजावर लिही ना.”

दादाने पेन हातात धरून बराच वेळ माझ्याकडे बघितलं. मग लिहिलं: ‘माझा गोष्ट मोठा. तिचा तोंड लवकर बंद.’

दुभाष्याबद्दल दादाने विचारलं तेव्हा मी खाली का बघितलं, ते आता सांगते. २००१ साली डोंबिवलीला आम्ही वहिनीला बघायला गेलो होतो. वहिनीचे काका समोर बसलेले. त्यांनी विचारलं, “नोकरी पक्की आहे ना?” मी दादाला खुणेने सांगितलं. दादा मिनिटभर बोलला, दोन्ही हात, चेहरा, सगळं. मी काकांना म्हणाले, “हो, पक्की आहे.” काका खूश. पोहे आले.

त्या खोलीत दादाचं बोलणं पूर्ण समजलेली एकच व्यक्ती होती, दारात ट्रे घेऊन उभी असलेली वहिनी. तिने मला हे लग्नानंतर सात-आठ वर्षांनी सांगितलं, भांडून नाही, सहज भाजी निवडताना. दादा म्हणाला होता: नोकरी पक्की आहे, पण फोन घेता येत नाही म्हणून मला मशीनवरून वर चढवणार नाहीत, पगार फार वाढायचा नाही, आत्ताच सांगतो, मागून फसवलं म्हणू नका. वहिनी म्हणाली, हे बघून मी मनात हो म्हटलं. आणि तू दोन शब्दांत गुंडाळलंस, तेव्हा वाटलं, या घरात याचं बोलणं कुणी पुढे नेत नाही.

मला तेव्हा वाटलं होतं मी दादाचं लग्न जुळवतेय.

किमच्या बाबतीत हे अख्ख्या अमेरिकेसमोर झालं. २ फेब्रुवारी २०२०, मायामी, तिथल्या फुटबॉलचा वर्षातला सर्वांत मोठा सामना. सुरुवातीला राष्ट्रगीत खुणांतून सादर करायला तिला मैदानावर उभं केलं होतं. टीव्हीवर ती काही सेकंद दिसली आणि कॅमेरा खेळाडूंकडे गेला. घराघरांत बसलेल्या बहिऱ्या माणसांसाठी ती गात होती आणि त्यांच्यापर्यंत गाणं पोचलंच नाही. तिने दुसऱ्याच दिवशी वर्तमानपत्रात लेख लिहून तसं स्पष्ट सांगितलं. भाचीने तो प्रसंग दादाला सांगितला तेव्हा त्याला आश्चर्य वाटलं नाही. त्याने फक्त कॅमेरा वळल्याची खूण केली, आणि ती करताना वापरलेला हावभाव माझ्या ओळखीचा होता. घरात सगळे हसतात, तो विचारतो काय झालं, आणि आपण हात झटकून म्हणतो, “काही नाही, नंतर सांगते.” तोच झटका.

माझ्या आवाजावरची ती चिठ्ठी मी मागून घेतली. कळव्याला माझ्या फ्रिजवर आहे. शाळेच्या वह्या तपासायला बसते तिथून समोर दिसते.

गेल्या रविवारी दादाच्या सोसायटीची सभा होती. गच्चीवरच्या टाकीचा खर्च. दादाने मला बोलावलं, बऱ्याच वर्षांनी. मी आधीच अध्यक्षांना सांगितलं की त्याला वेळ लागेल, मध्ये थांबवू नका. दादा उभा राहिला. रात्री अकरानंतर तो जिन्याच्या भिंतीला हात लावून बघतो, पंपाची थरथर महिनाभर बदललेली आहे, बेअरिंग जातंय, टाकीवर पैसे घालण्याआधी पंप उघडा, नाहीतर दिवाळीत पाणी बंद पडेल. मी प्रत्येक वाक्य बोलत होते. बेअरिंगची खूण मला कळली नाही तेव्हा थांबले, त्याला पुन्हा करायला लावली. मागच्या रांगेतून वहिनीने हात वर करून माझी एक चूक सुधारली. चार मिनिटं झाली. पुढच्या खुर्चीवरचे एक गृहस्थ घड्याळ बघून म्हणाले, “ताई, थोडक्यात काय म्हणतायत ते?”

मी त्यांना म्हटलं, “त्याचं अजून संपलं नाही,” आणि दादाकडे वळले. तो व्हॉल्व्हवर आला होता.